मेलेल्या बाईच्या जागी

मेलेल्या बाईच्या जागी झोपायला ओकुमुराला सांगितलं गेलं, कारण अख्ख्या ठाण्यात त्याचाच बांधा तिच्याएवढा होता. "तू म्हणजे काय, खिशात मावशील," शिराकावासाहेब म्हणाले, आणि बाकीचे लगेच हसले, साहेबांच्या विनोदावर जितकं हसायचं असतं तितकं. ओकुमुराही हसला. मग तो शेगडीपाशी आडवा झाला, डावा गाल चटईला लावून, एक हात पुढे टाकून, ती सापडली होती तसा. कुणीतरी तिचा कापूस भरलेला अंगरखा त्याच्या पाठीवर टाकला. अंगरख्याला कापराचा आणि केसांच्या तेलाचा वास होता. ओताकीबाई गेल्या महिन्यात इथेच, डोक्यात लोखंडी किटली बसून मेली. एकटी बाई. जुने किमोनो देऊन खेड्यातून तांदूळ आणायची आणि गल्लीत विकायची. लढाई हरल्यापासून सेंजू वस्तीतली निम्मी गल्ली असंच काहीतरी करून जगत होती. तिच्या पेटीतले रेशमी किमोनो गेले, तांदळाचं पोतं गेलं, आणि मागे राहिले चटयांवर चिखलाच्या बुटांचे ठसे. मारणारा सापडला होता, त्यानं कबूलही केलं होतं. पण नव्या कायद्याचं नुसत्या कबुलीजबाबानं पोट भरत नाही, म्हणून हे नाटक. आरोपीला जागेवर आणायचं, केलं तसं पुन्हा करून दाखव म्हणायचं, पावलागणिक फोटो घ्यायचे आणि कोर्टात लावायचे. फोटो नीट निघाले की तो पोरगा फासावर जायला मोकळा.

घराचं दार उघडलं की आत हातभर मातीची जमीन, तिथे जोडे काढायचे, मग पायरी चढून वर चटयांच्या खोलीत यायचं. चटईला गाल लावून पडल्यावर ओकुमुराला ती पायरी बरोबर डोळ्यांच्या रेषेत दिसत होती. पोलिसांचे बूट तिथे ओळीनं होते. ओताकीबाईची पुतणी, जिच्याकडे आता घराची किल्ली होती, वाकून एकेक जोड उलटा फिरवत होती, जाताना पाय घालायला सोपं पडावं म्हणून. मघाशी पोलीस दारात आले तेव्हा तिच्या तोंडून सवयीनं "या ना, वर या" निघून गेलं होतं, आणि मग आपण कुणाला आणि कशासाठी वर बोलावतोय हे कळून तिनं बाही तोंडावर धरली होती. आणि पोलीसही काय, "त्रास देतो हं तुम्हाला" म्हणून वाकून वर आले होते. शिराकावासाहेबांच्या उजव्या मोज्यातून अंगठा बाहेर आला होता. जमिनीवर पडलं की माणसांचे पायच तेवढे दिसतात, आणि पायांना हुद्दा नसतो. फोटोग्राफर निशि सायकलवरून आला होता, त्याचे मोजे ओले होते, आणि तो जिथे जाईल तिथे चटईवर ओलसर पाऊल उमटत होतं. पुतणी त्याच्या मागे मागे फडकं घेऊन फिरत होती.

"आणा त्याला," साहेब म्हणाले.

सेइजीला गल्लीतून आणलं. गल्लीतली माणसं दारादारांत उभी होती, पण आवाज नव्हता, नुसता चिखलातल्या बुटांचा पचपच आवाज. सेइजी कोळशाच्या वखारीत कामाला होता, गल्लीतल्या घरोघर कोळसा टाकायचा, ओताकीबाईच्या मागच्या दारावर त्याच्या काळ्या बोटांचे ठसे होते. असणारच. कोळसा टाकणाऱ्याच्या बोटांचे ठसे नसतील तर कुणाचे असतील? पण ठसे होते, पोरगा एकटा होता, बोलताना चाचरत होता, आणि ठाण्यात वर, दुसऱ्या मजल्यावरच्या चौकशीच्या खोलीत त्याला तीन आठवडे ठेवल्यावर त्यानं सांगितलं, हो, मीच. बूट कुठायत? अराकावा नदीत टाकले. कुठे टाकले? साहेब सांगतील तिथे. नदीत बूट सापडले नव्हते, म्हणून ठाण्याच्या कोठीतून पलटणीचे जुने बूट काढून आज त्याच्या पायांत चढवले होते, ठशांच्या मापाचे. त्याच्या पायांना दोन बोटं मोठे. कमरेला दोर होता आणि दोराचं टोक एका शिपायाच्या हातात होतं.

"हं, आता तू आलास. दार उघडं होतं. आत ये, जसा त्या दिवशी आलास तसा. निशि, तयार?"

सेइजी दारातून आत आला. मातीच्या जमिनीवर थांबला. आणि खाली बसला. ओकुमुराला आधी वाटलं, पाय लटपटले असतील. पण तो बुटांच्या नाड्या सोडत होता. दोर ताणला गेला, शिपायानं सैल दिला, तोही न समजून. सेइजीनं डावा बूट काढला, उजवा काढला, दोन्ही उचलून पोलिसांच्या ओळीच्या शेवटी, जरा वेगळे, कुणाच्या बुटांना आपले लागू नयेत असे ठेवले, टाचा आतल्या बाजूला, टोकं दाराकडे. मग पायरीवर एक अनवाणी पाय ठेवून मान वाकवली आणि अगदी हळू म्हणाला, "त्रास देतो हं." आणि वर आला.

क्षणभर कुणाच्याच काही लक्षात आलं नाही. हे ओकुमुरा पुढे कितीतरी दिवस स्वतःशी घोळवत राहिला, की खोलीत इतके पोलीस, सगळे तपासात मुरलेले, आणि एकाच्याही लक्षात आलं नाही, कारण पोरानं केलं त्यात विचित्र काहीच नव्हतं. प्रत्येकानं दहा मिनिटांपूर्वी तेच केलं होतं. निशिनं तर फोटोही घेऊन टाकला. आणि चटईवर पडलेल्या मेलेल्या बाईच्या छातीत काहीतरी धाडकन आपटलं. बूट. अरे, बूट! चटयांवर ठसे होते, पायरीपासून शेगडीपर्यंत, शेगडीपासून पेटीपर्यंत, लांब टांगांचे, कुठेही न अडखळलेले. ज्यानं तिला मारलं तो बूट घालून वर आला होता. आणि हा, कमरेला दोर, समोर पोलीस, सांगितलेलं जसंच्या तसं केलं तर निदान मार तरी चुकेल अशी ज्याची अवस्था, हा खाली बसून नाड्या सोडतो.

"अरे गाढवा!" शिराकावासाहेब ओरडले तेव्हा ओकुमुराला वाटलं, त्यांनाही दिसलं. सुटलो. पण साहेब म्हणाले, "फोटो फुकट गेला ना! बूट कशाला काढलेस? कबुलीत काय लिहिलंय, बूट घालून वर गेलो. घाल. घाल पुन्हा. निशि, ती फोटोची काच फोडून टाक."

सेइजी वाकला, "माफ करा, चुकलं," म्हणाला, आणि खाली उतरून पुन्हा बूट घालू लागला.

तळपायाची आग मस्तकात जाते म्हणतात. ओकुमुराचे तळपाय थंड पडले होते, आग गालात होती, चटईला लावलेल्या डाव्या गालात. त्या गालाला एक थप्पड आठवत होती. उत्तर चीनमधलं एक गाव, लढाईचं पहिलं वर्ष. मातीची घरं; माणसं पळून गेली होती, चुलीवर काहीतरी ठेवलेलं होतं आणि त्याला अजून वाफ होती. तुकडी घरात शिरायला निघाली. ओकुमुरा दारात खाली बसला आणि बुटांवरून पिंढऱ्यांना गुंडाळलेल्या पट्ट्या सोडायला लागला. इतका दमलेला होता की आपण काय करतोय हेही त्याला कळत नव्हतं. घर दिसलं, हात बुटांकडे गेले. तुकडीच्या नायकानं त्याला बखोटीला धरून उभं केलं आणि डाव्या गालावर अशी ठेवून दिली की कानात शिटी वाजली. "पाहुणा आलास काय रे? सासरी आलास?" सगळे हसले होते. त्याच नायकानं मग तुकडीला तालीम दिली, त्या घरात, जायचं आणि यायचं, जायचं आणि यायचं, बुटांनी, जोपर्यंत पायरीपाशी पाऊल अडखळायचं थांबत नाही तोपर्यंत. आणि थांबलं. सगळ्यांचं थांबलं. शिकवलं की काय येत नाही माणसाला! शेतकऱ्यांची पोरं होती ती, दुकानदारांची, एक तर देवळातला भिक्षू होता, आईनं चार वेळा पाय पुसून घरात घेतलेली पोरं, आणि महिन्याभरात दुसऱ्याच्या अंथरुणावरून टांगा टाकत जाऊ लागली. असा माणूस आपोआप होत नाही. त्याला घडवावा लागतो. या देशानं तो लाखांनी घडवला, बोटींत घालून पाठवला, आणि हरल्यावर त्याच बोटींनी परत आणून बंदरावर सोडून दिला, की जा बाबांनो, आता घरोघरी जा. आणि शोधतायत कुणाला, तर लढाई संपली तेव्हा सतरा वर्षांच्या असलेल्या, लढाईभर कारखान्यात खिळे मोजणाऱ्या, समुद्र ओलांडून कधी कुठे न गेलेल्या पोराला!

तो स्वतः त्या बोटीनं परत आला तेव्हा होंजोतलं घर बाँबहल्ल्यात जळून गेलेलं होतं. गल्ली कुठली, घर कुठलं, काही कळेना. नुसती राख, कौलांचे तुकडे, पाण्याच्या नळाचा एक वाकडा पाईप. बायको, फुसाए, त्याला घेऊन गेली दाखवायला. पायरीखाली जोडे ठेवायचा जो सपाट दगड असतो तो तेवढा राहिला होता. आणि ओकुमुरा त्या दगडापाशी उभा राहून फुसाएशी काहीतरी बोलत असताना ती एकदम हसायला लागली, हसता हसता खाली बसली आणि रडायला लागली. त्यानं पाहिलं तर त्याचे बूट दगडावर होते आणि तो राखेत मोज्यांनी उभा होता. त्या वेळी त्याला लाज वाटली होती, राग आला होता फुसाएचा. आज वाटलं, ती का रडली ते आपण तिला कधी विचारलंच नाही. ती कदाचित आनंदानं रडली असेल. की हा अजून काढतो. की सैन्यानं सगळंच काढून घेतलं नाही याच्यातलं.

"हं. आता वर ये. बुटांनी. ताठ ये."

सेइजी पायरीवर चढला. बूट चिखलानं भरलेले होते. त्यानं एक पाय चटईवर ठेवला आणि खोलीतला प्रत्येक माणूस, अगदी साहेबसुद्धा, श्वास आत घेऊन किंचित आक्रसला. पुतणीच्या तोंडून "अगं बाई" निघालं. तो चवड्यांवर चालत होता. मोठे बूट, चवड्यांवर, टाचा उचललेल्या, दोन्ही हात फाकलेले. आणि ओकुमुराच्या डोळ्यांसमोरून, नाकापासून हातभर अंतरावरून, तो बूट गेला आणि चटयांच्या जोडापाशी आला, जिथे काळ्या कापडाचा काठ असतो, आणि त्या काठावर पाय न देता काठ ओलांडून पलीकडे पडला. पुढच्या काठापाशी पुन्हा तसाच. काठावर पाय द्यायचा नाही, हे पोरांना चालायला लागायच्या आधी शिकवतात. खऱ्या ठशांचे फोटो ओकुमुरानं पाहिले होते, ठाण्यातल्या भिंतीवर महिनाभर टांगलेले होते, येता-जाता सगळ्यांनीच पाहिले होते. एक ठसा तर बरोबर काठावर, मधोमध, काठाचं कापड चिरडून. दिसत नाही का रे तुम्हाला? आंधळ्यांनो, हातात बॅटऱ्या घेऊन फिरता, दिसत नाही? पण ते सगळे उभे होते. उभ्या माणसाला पाय दिसत नाहीत. तो एकटा आडवा होता.

"टाचा टेकव! असं बाईसारखं काय चालतोस? टाचा!"

सेइजीनं टाचा टेकवल्या. चिखलाचा गोळा सुटून पडला. त्यानं मागे वळून पाहिलं, आपण आलो त्या वाटेवर उमटलेले काळे ठसे पाहिले, एक, दोन, पायरीपर्यंत, आणि तो कोसळलाच. गुडघ्यांवर बसला, सदऱ्याची बाही ओढून तळहातावर घेतली आणि चटई पुसायला लागला. चिखल आणखी पसरला. तो थुंकी लावून पुसायला लागला. "माफ करा," म्हणत होता, "माफ करा, मावशी, माफ करा, आत्ता काढतो, आत्ता निघेल." मावशी म्हणजे ओताकीबाई. कोळसा टाकायला आला की तिला तो मावशीच म्हणायचा. तो ओकुमुराच्या तोंडाकडे बघून बोलत होता, नाकातून पाणी गळत होतं.

"हे घे! निशि, हे घे!" शिराकावासाहेबांचा आवाज आनंदानं चिरकला. "पश्चात्ताप! बघा, जागेवर आणलं की कसा पाझर फुटतो. मी म्हटलं नव्हतं? जवळून घे, चेहरा येऊ दे."

उजेड फट्‌कन उडाला. आणि मेलेली बाई उठून बसली.

"ओकुमुरा, पड खाली. मेलेल्यानं हलायचं नसतं," साहेब म्हणाले. कुणीतरी हसलं.

"साहेब, हा नाही."

"काय हा नाही?"

"ज्यानं मारलं तो हा नाही. यानं बूट काढले. आपल्या सगळ्यांसमोर काढले. आणि तुम्ही जबरदस्तीनं घालायला लावले तरी काठावर पाय देत नाही तो. इथे पडून बघा ना साहेब. पडून बघा एकदा! ज्यानं केलं तो सैन्यातून आलेला माणूस आहे. त्याला बूट घालून घरात जायची सवय आहे. आपल्यापैकीच कुणीतरी."

हे शेवटचं बोलायला नको होतं. खोलीतले बहुतेक सगळे सैन्यातूनच आलेले होते. हसू थांबलं. शिराकावासाहेब कधी समुद्रापार गेले नव्हते, लढाईभर ते इथेच, लोकांच्या भिंतींना कान लावून कोण काय बोलतं ते ऐकणाऱ्या खात्यात होते, आणि आता सभेत लोकशाही लोकशाही करत होते. ते जवळ आले. मोज्यातला अंगठा ओकुमुराच्या गुडघ्यापाशी थांबला.

"पोलीस बघतायत म्हणून काढले असतील. डोक्यात खून चढला की माणूस बूट बघत बसतो का रे? तू बघितलं असतंस?"

"मी बघितलं होतं, साहेब. खून चढवायला नेलं होतं तेव्हाच. आणि त्यासाठी मार खाल्ला होता."

"उठ. बाहेर जा. हवेला उभा राहा जरा." आणि दुसऱ्या शिपायाकडे वळून, "तू पड."

दुसरा शिपाई आडवा झाला. पाय जरा जास्त लांब पडले, ते दुमडून घेतले. ओकुमुरा पायरी उतरून बूट घालू लागला. पुतणी शेजारी उभी होती. फडकं हातात, पण चटई पुसायला जात नव्हती. ती सेइजीकडे बघत होती, त्याच्या पुसण्याकडे. ओकुमुराला वाटलं, हिला दिसलंय. बायकांना दिसतं. "बाई," तो हळूच म्हणाला, "तुम्ही पाहिलंत ना?" ती लगेच खाली बघायला लागली. "त्याच्या आईनं येऊन माफी मागितली हो आमची," ती म्हणाली, "इथे, या मातीत, कपाळ टेकवून. कपाळाला माती लागलेली तशीच गेली बिचारी. आता मी काय बोलणार, साहेब?" आतून साहेबांचा आवाज येत होता, किटली उचल, वर, आणखी वर.

संध्याकाळी ठाण्यात कागद तयार झाला. जागेवर करून दाखवल्याचा पंचनामा, खाली हजर असलेल्या प्रत्येकाचा, सहीच्या जागी, नावाचा शिक्का. एकेकानं आपापला शिक्का डबीतून काढून लाल शाईत बुडवून उमटवला. ओकुमुरानं नाही म्हटलं. शिक्का त्याच्या खिशात होता, वडिलांचा, हस्तिदंती, जळण्यातून वाचलेला, आणि त्याची मूठ त्यावर आवळलेली होती. एवढं एक आपल्या हातात आहे, असं त्याला वाटत होतं. मी जोवर उमटवत नाही तोवर कागद पुरा होत नाही. शिराकावासाहेबांनी वाद घातला नाही. ते दमले होते, भूक लागली होती. त्यांनी शिपायाला कोपऱ्यावरच्या कागदाच्या दुकानात पाठवलं, जिथे लाकडी मांडणीवर आडनावांचे तयार शिक्के विकायला असतात, आणि तो परत आला तेव्हा त्याच्या हातात एक लाकडी शिक्का होता. ओकुमुरा. साहेबांनी तो शाईत बुडवला आणि कागदावर नीट, सरळ, दाबून उमटवला. "तुझ्या नावाची माणसं पुष्कळ आहेत रे," ते म्हणाले, आणि शिक्का त्याच्याकडे सरकवला. "घे. दुसरा असलेला बरा."

त्यांच्या तोंडात द्यावी असं त्याला वाटलं, आणि वाटून राहिलं. राग इतका होता की तो कुठून बाहेर काढावा ते कळेना. घरी जावं तर फुसाए काय झालं म्हणून विचारील. कोर्टात जाऊन सांगावं, पण कुणी बोलवायला हवं. आणि बोलावणार कोण? ज्याच्यासाठी बोलावायचं तोच म्हणतोय की मी केलं. त्याचा वकील सरकारनं नेमलेला, म्हातारा, कबुली झाली म्हटल्यावर दया मागून मोकळा होईल. सगळं अडकलं होतं ते त्या पोराच्या तोंडाशी. त्यानं एकदा नाही म्हटलं पाहिजे. एकदा, पण मोठ्यानं. वकिलाला ऐकू जाईल असं.

कोठडी तळमजल्यावर, स्वयंपाकघराशेजारी. जेवणं चालली होती. सेइजी भिंतीला टेकून बसला होता, समोर मक्याच्या भाकरीचा तुकडा आणि रस्सा तसाच. ओकुमुरा गजांना धरून उकिडवा बसला. "हे बघ," तो म्हणाला, "तू केलं नाहीस. मला माहीत आहे. जज्जसमोर उभं राहून तसं सांगायचं. मी येईन बोलायला. समजलं?"

सेइजीनं मान हलवली, पण ती हो होती की नाही ते कळेना. "तुम्हाला फार त्रास झाला आज, साहेब," तो म्हणाला. "माझ्यामुळे बोलणी बसली."

"माझं जाऊ दे. तू सांगणार ना?"

"शिराकावासाहेबांनी तीन आठवडे माझ्यापायी घालवले. त्यांना घरी जाता आलं नाही. सिगारेट दिली मला त्यांनी." तो थांबला. "आणि आईनं माफी मागितलीय, साहेब. मावशीच्या घरी जाऊन. आता मी नाही म्हटलं तर आई खोटी पडेल ना? तिनं कशाची माफी मागितली मग?"

ओकुमुराला ओरडावंसं वाटलं. जे वळण यानं केलं नाही हे दाखवत होतं, तेच वळण याला फासावर नेत होतं, वाकत वाकत, माफ करा म्हणत. उद्या दोर गळ्यात घालताना हा फाशी देणाऱ्याला म्हणेल, तुम्हाला त्रास दिला. त्याला त्या वाकण्याचाच संताप आला, पोराच्या, पोराच्या आईच्या, पुतणीच्या, स्वतःच्या, सगळ्या देशाच्या त्या वाकण्याचा, जे बूट घालून येणाऱ्याला वर या म्हणतं. समजावून हा ऐकणार नाही. तीन आठवडे समजावूनच याला खुनी केला होता. मग त्याच्या तोंडातून जे आलं ते त्यानं ठरवलेलं नव्हतं.

"बरोबर आहे," तो म्हणाला, आवाज चढवून, स्वयंपाकघरात ऐकू जाईल असा. "आईनं माफी मागितली ती खून केलास म्हणून नाही काही. लाज वाटली तिला. चिखलाचे बूट घेऊन लोकांच्या चटईवर नाचलास! जनावरसुद्धा पाय झाडून येतं. काय आई आहे रे तुझी? एवढं शिकवलं नाही? कुठे उकिरड्यावर वाढवलं तुला?"

सेइजीनं वर पाहिलं. "शिकवलंय," तो म्हणाला.

"दिसलं ना काय शिकवलं ते! फोटो निघालेत. सगळ्या देशाला दिसेल, या बाईनं पोराला कसं वाढवलं."

"आईला बोलू नका, साहेब."

"बोलणार! वर्तमानपत्रात छापून येईल. हिच्या पोराला उंबरा कळत नाही, जोडे काढायचे कळत नाही. कोळसेवाल्याचं काय म्हणा, बूट घालून घुसायचं, दिसेल त्यावर पाय द्यायचा..."

"मी काढले होते!" रस्स्याचं भांडं लवंडलं. सेइजी उभा होता, गजांना धरून, त्याचा चेहरा ओकुमुराच्या चेहऱ्याला भिडला होता आणि त्याच्या तोंडातून थुंकी उडत होती. "मी काढले होते, सगळ्यांनी पाहिलं, त्यांनीच घालायला लावले! मी असा कुणाच्या घरात जात नाही! मी मावशीच्या घरात वर कधी गेलोच नाही, मागच्या दारातून कोळसा टाकायचो, एकदा पण वर गेलो नाही, ती म्हणायची ये, चहा घे, मी म्हणायचो पाय काळे आहेत! तुम्ही आईला कसं बोलता? मी नव्हतो! ते बूट माझे नाहीत! मी नव्हतो तो!"

स्वयंपाकघरातला भांड्यांचा आवाज थांबला. शिपाई धावत आला आणि दारातच उभा राहिला, हातात जेवणाच्या काड्या तशाच. वरच्या मजल्यावर खुर्ची सरकली. सेइजी स्वतःचाच आवाज ऐकून घाबरला, मागे सरला, आणि त्याची मान सवयीनं खाली जायला लागली. ओकुमुरानं गजांतून हात घालून त्याची हनुवटी धरली आणि वर केली.

"खाली बघू नकोस," तो म्हणाला. "पुन्हा म्हण. हा शिपाई ऐकतोय, साक्षीला आहे. याचं नाव विचार आणि पुन्हा म्हण."